पुनव ते अवस : 360 तास

देवळी तालुक्यातलं एक गाव, टिनाचं छप्पर, दोन खोल्या. 12 मार्च 2021 ची तारीख संपून 13 मार्च सुरू होत होती तेव्हा घरात चौघं झोपली होती आणि पंखा फिरत होता. त्याच क्षणी या घराची मुदत संपली. कुणाला जाग आली नाही.

घराला नाव देत नाही, कारण ते एकच घर नाही. वर्धा, सेलू, देवळी, हिंगणघाट इकडच्या वस्त्यांत मार्च महिना जसा येतो, त्यातून मी ते रचलं आहे. त्यातली माणसं, त्यांची रक्कम आणि त्यांचं बोलणं मी उभं केलेलं. तारखा, मंत्र्यांच्या घोषणा आणि कायद्याची कलमं मात्र जशी होती तशी. तास उलटे मोजले आहेत, कारण खांबावरची तार काढणं हे दोन मिनिटांचं काम असतं. जे काही बिघडतं ते त्याच्या आधीच बिघडलेलं असतं.

366 तास उरले
गुरुवार, 25 फेब्रुवारी, सायंकाळी 6

लाईनमनची मोटारसायकल दारात थांबली. सासूबाई ओट्यावर तूर पाखडत होत्या. सून आत मशीनवर साडीला पिको-फॉल करत होती, तिनं मोटर बंद केली.

“बाई, इथं सही करा जी.”

“कायची?”

“बिलाची नोटीस आहे. पंधरा दिवसांत भरा, नाही त लाईन कापा लागते. मले वरतून आहे.”

माणूस ओळखीचा. पावसाळ्यात अर्ध्या रात्री खांबावर चढून फ्यूज टाकून देतो तो हाच. पाणी प्यायला, पुढच्या दाराकडे वळला. त्याच्या बगलेत असे आणखी बरेच कागद होते.

थकबाकी 6,480 रुपये. नवरा जिनिंगमध्ये हमाली करतो आणि कापसाचा हंगाम उतरणीला लागलेला. मुलगी दहावीत. तिनं कागद हातात घेऊन रक्कम मोठ्यानं वाचली. खालच्या बारीक ओळी वाच, असं तिला कुणी म्हटलं नाही. आईनं कागदाची घडी केली आणि गजानन महाराजांच्या फोटोमागे सरकवली. ज्या कागदाची भीती वाटते तो आपल्याकडे देवाच्या मागे जातो.

माघी पौर्णिमा दोन दिवसांवर होती. अंधार पडला तरी अंगणात दिव्याशिवाय तुरीचा दाणा दिसत होता.

360 तास उरले
त्याच रात्री 12

कायद्याचं घड्याळ इथून चालू होतं. विद्युत कायदा 2003, कलम 56. बिल थकलं तर कंपनी वीज तोडू शकते, पण त्याआधी किमान 15 स्पष्ट दिवसांची लेखी नोटीस द्यावी लागते. यातला ‘स्पष्ट’ हा शब्द शोभेचा नाही. नोटीस हाती पडली तो दिवस धरायचा नाही, तार काढायचा दिवसही धरायचा नाही. मधले पुरते 15 दिवस ग्राहकाचे. म्हणजे 360 तास.

या घराच्या आयुष्यात 360 हा आकडा याआधीही एकदा येऊन गेला होता, त्यांच्या नकळत. राज्य वीज नियामक आयोगाच्या दरपत्रकात दारिद्र्यरेषेखालच्या घरांसाठी वेगळा दर असतो, घरगुती दरांत सगळ्यात कमी. त्याची अट अशी की मंजूर भार पाव किलोवॅटपर्यंत असावा आणि गेल्या आर्थिक वर्षातला वापर 360 युनिटच्या आत असावा. महिन्याला सरासरी 30 युनिट. एक पंखा, दोन दिवे, मोबाईलचं चार्जिंग आणि तासभर टीव्ही एवढ्यात ते कसंबसं बसतं.

मीटर आलं होतं केंद्राच्या ‘सौभाग्य’ योजनेतून. सप्टेंबर 2017 मध्ये ती योजना निघाली आणि गरीब घरांना जोडणी फुकट मिळाली. त्या वेळी घरात पहिलं बटन दाबलं ते सासूबाईंनी. मग मार्च 2020 आला. टाळेबंदीत मीटर वाचणं थांबलं, कागदी बिल वाटणं थांबलं, आधीच्या महिन्यांच्या सरासरीवर बिलं निघू लागली. ती सरासरी होती हिवाळ्याची. आणि घरात बसून राहा असं साऱ्या देशाला सांगितलेलं होतं. वर्ध्याच्या एप्रिल-मेमध्ये टिनाखाली बसून राहणाऱ्याला पंखा दिवसा लागतो तसा रात्रीही लागतो. जूनमध्ये रीडिंग झालं तेव्हा तीन महिन्यांचा खरा आकडा एकदम कागदावर उतरला. दराचे टप्पे महिन्यामहिन्यांत वाटून दिले आहेत, असं महावितरणनं तेव्हा सांगितलं. पण बिल हातात धरून ते उलगडून घेणं, ज्याला गणित येतं त्यालाही सोपं नव्हतं.

त्या उन्हाळ्यामुळे वर्षाची 360 ची रेघ ओलांडली गेली. स्वस्त दरावरचा हक्क गेला. सरकारनं सांगितलं म्हणून घरात बसलेल्या माणसाची गरिबी मीटरच्या हिशेबात कमी झाली. मला या सगळ्या प्रकरणात ही गोष्ट सगळ्यात जास्त खुपते.

जून 2020 मध्ये ऊर्जामंत्री नितीन राऊत यांनी तीन हप्त्यांची सवलत जाहीर केली, आणि एकरकमी भरणाऱ्याला 2 टक्के सूट. नोव्हेंबरात, दिवाळीला काही मिळेल अशी आशा लावून, वापरलेल्या विजेचे पैसे भरावेच लागतील असं त्यांनीच सांगितलं. जानेवारी 2021 मध्ये थकबाकीदारांची वीज तोडायचे आदेश निघाले. मुदतीनंतर बिलावर सव्वा टक्का विलंब आकार चढतो, मग व्याज. दर महिन्याला थोडं भरायचं, थोडं राहायचं. 6,480 असे जमले.

278 तास उरले
सोमवार, 1 मार्च, सकाळी 10

हा तास मी इथे जास्त वेळ धरून ठेवणार आहे, कारण खरं म्हणजे सगळं काही याच तासात होतं.

देवळीचं वीज कार्यालय उघडलं होतं. नवरा जिनिंगवर गेला होता. सून म्हणाली, “जाऊन येऊ का एकडाव?” सासूबाई म्हणाल्या, “हातात पैसे नाही आन् कोण्या तोंडानं जातं वं?”

हे वाक्य मी या जिल्ह्यात इतक्यांदा ऐकलं आहे की ते कुण्या एका सासूचं नाही. बँकेत जायचं तर हातात पैसे घेऊन, सोसायटीत जायचं तर पैसे घेऊन. देणं असलेल्या माणसानं रिकाम्या हातानं समोर जाणं म्हणजे स्वतःहून अपमान मागून घेणं. म्हणून माणूस जात नाही. लपतो. आणि कायद्यानं दिलेली जी मुदत बोलण्यासाठी असते ती लपण्यात निघून जाते.

समजा, ती गेली असती. एका साध्या कागदावर अर्ज लिहिला असता: ‘प्रति, उपकार्यकारी अभियंता’, खाली 12 आकडी ग्राहक क्रमांक, नोटिशीची तारीख, थकलेली रक्कम, आणि ‘इतके आत्ता भरते, उरलेले इतक्या हप्त्यांत भरते’ एवढी एक ओळ. हप्ते हा हक्क नाही. पण हप्ते पाडून देण्याची मुभा अधिकाऱ्यांकडे असते, आणि ती न मागणाऱ्याच्या दारात चालत येत नाही. अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर आवक शिक्का मारून पोच घ्यायची. पोच नसलेला अर्ज म्हणजे नुसतं बोलणं.

जूनचं बिलच चुकलंय असं वाटत असेल तर त्यासाठी वेगळी वाट आहे, आणि ती त्याच कलम 56 मध्ये लिहिलेली आहे. बिलाबद्दल वाद असेल तर ग्राहकानं निषेध नोंदवून पैसे भरायचे. किती? मागितलेली रक्कम, किंवा मागच्या सहा महिन्यांच्या सरासरीनं दरमहा निघणारी रक्कम, यातली जी कमी असेल ती. एवढं भरलं की वादाचा निकाल लागेपर्यंत वीज तोडता येत नाही. कायदा करणाऱ्यांनी ही जागा मुद्दाम ठेवली आहे. नोटिशीवर कलमाचा आकडा छापलेला असतो. त्या आकड्याच्या पोटात ही ढाल आहे, हे मात्र नोटीस वाचून कुणाला कळत नाही.

कार्यालयानं ऐकलं नाही तर नागपूरला ग्राहक गाऱ्हाणे निवारण मंच आहे. तिथं वकिलावाचून जाता येतं. वीज तुटण्याची धमकी समोर असेल आणि प्रथमदर्शनी ग्राहकाचं म्हणणं पटलं, तर मंच निकालाआधीच अंतरिम आदेश देऊन तोडणं थांबवू शकतो. मंचाच्या वर विद्युत लोकपाल, त्यांचं एक कार्यालय मुंबईत आणि एक नागपुरात. आणि वर्ध्याला जिल्हा न्यायालयात विधी सेवा प्राधिकरण आहे. 1987 च्या कायद्यानं स्त्रीला तिचं उत्पन्न कितीही असो, मोफत कायदेशीर मदत मिळते. मीटर सासऱ्यांच्या नावावर असेल, नवऱ्याच्या असेल, अर्ज लिहायला बसणारी बाई असली की त्या खिडकीपाशी तिला कुणी उत्पन्नाचा दाखला मागू शकत नाही.

तिला यातलं काहीच माहीत नव्हतं. दुपारी तिनं चार साड्यांचे फॉल लावले. देवळीची एसटी गावावरून गेली.

245 तास उरले
मंगळवार, 2 मार्च, सायंकाळी 7

मुंबईत विधिमंडळाचं अर्थसंकल्पी अधिवेशन आदल्या दिवशी सुरू झालं होतं. वीजबिलांवरून विरोधकांनी सभागृह धरलं. विरोधी पक्षनेते देवेंद्र फडणवीस बोलले, आणि उपमुख्यमंत्री अजित पवार यांनी विधानसभेत जाहीर केलं की या विषयावर चर्चा होईपर्यंत घरगुती आणि शेतीपंपाची वीज तोडली जाणार नाही.

संध्याकाळी टीव्हीवर खालून पट्टी सरकत होती. मुलगी ओरडली, “आई, लाईन नाही कापत म्हणे आता!”

त्या रात्री या घरात पहिल्यांदा मोकळेपणानं जेवण झालं. शेजारणीकडेही तशीच नोटीस होती, ती दारातूनच सांगून गेली, “वाचलो बाप्पा.” फोटोमागचा कागद तिथंच राहिला.

या बातमीत ‘चर्चा होईपर्यंत’ असे दोन शब्द होते. टीव्हीवर ते सांगितले गेले होते, लपवलेले नव्हते. पण पाच दिवस छातीवर धोंडा घेऊन बसलेल्या माणसाला ‘तोडणार नाही’ एवढंच ऐकू येतं. स्थगितीनं बिल कमी केलं नाही, हप्ते पाडले नाहीत, नोटीस रद्द केली नाही. तिनं एकच गोष्ट केली, ती म्हणजे अर्ज लिहायची निकड काढून घेतली. मला स्थगितीचा राग नाही. सभागृहात कुणी तरी गरिबांच्या दिव्याबद्दल भांडलं, हे चांगलंच झालं. पण घोषणेची वीज आणि तारेतली वीज वेगळी असते, हे त्या आठवड्यात राज्यभरातल्या घरांना समजावून सांगणारं कुणी नव्हतं.

बाहेरच्या काही देशांत अशी स्थगिती नियमातच लिहून ठेवतात. फ्रान्समध्ये 1 नोव्हेंबर ते 31 मार्च या काळात बिल थकलं म्हणून राहत्या घराची वीज तोडत नाहीत. ब्रिटनमध्ये हिवाळ्यात एकट्या राहणाऱ्या वृद्धांची वीज तोडायला बंदी आहे. अमेरिकेतल्या कित्येक राज्यांत थंडीसाठी तसे नियम आहेत, काही ठिकाणी उन्हाळ्यासाठीही. त्या नियमाला मंत्र्याचं भाषण लागत नाही आणि अधिवेशन संपलं म्हणून तो संपत नाही. आमच्याकडे माणूस थंडीनं नाही, उन्हानं मरतो. वर्ध्याचा मे महिना 45 अंशांच्या वर जातो आणि टिनाखालची रात्र दुपारइतकीच जड असते. त्या मे महिन्याचं नाव आमच्या वीज कायद्यात कुठंही नाही.

100 तास उरले
सोमवार, 8 मार्च, रात्री 8

महिला दिन. अजित पवारांनी राज्याचा अर्थसंकल्प मांडला. बाईच्या नावानं घर खरेदी केलं तर मुद्रांक शुल्कात 1 टक्का सवलत. सुनेनं बातमी ऐकली, मशीनला तेल घातलं. लग्नसराई येईल, फॉलची कामं वाढतील, एप्रिलमध्ये पैसे भरू, असा तिचा हिशेब होता. हिशेब चुकीचा नव्हता. फक्त तो तिनं स्वतःशीच केला होता, कागदावर कुणाला दिला नव्हता.

53 तास उरले
बुधवार, 10 मार्च, सायंकाळी 7

अधिवेशनाचा शेवटचा दिवस. ऊर्जामंत्र्यांनी निवेदन केलं आणि स्थगिती उठली. आठ दिवस टिकली.

या वेळी घरात टीव्ही बंद होता. मुलीचा ऑनलाईन तास सुरू होता. त्या फेब्रुवारीत रुग्ण वाढले तशा वर्ध्यातल्या शाळा परत बंद झालेल्या आणि दहावीचं वर्ष पाच इंची मोबाईलमध्ये येऊन बसलेलं. बातमी तिला मैत्रिणीच्या मेसेजमधून कळली. तिनं आईला सांगितलं नाही. आई पोळ्या लाटत होती. पोळ्या झाल्यावर सांगू असं तिनं ठरवलं, आणि झाल्यावरही राहिलं.

40 तास उरले
गुरुवार, 11 मार्च, सकाळी 8

महाशिवरात्र. सुट्टी. कार्यालय बंद. मुलीनं आता सांगितलं. नवऱ्यानं ताटातली साबुदाण्याची उसळ बाजूला सारली.

“त मंग मांगच्या मंगळवारी काय सांगत होते ते?”

याचं उत्तर त्या घरात कुणापाशी नव्हतं.

14 तास उरले
शुक्रवार, 12 मार्च, सकाळी 10

शेवटचा कामाचा दिवस. आता पळापळ. सून बचत गटाच्या अध्यक्षीणबाईंकडे गेली. गटाची बैठक महिन्याच्या शेवटी, त्याआधी पेटीला हात लावता येत नाही, हा सगळ्या जणींनी मिळून केलेला नियम. तिनंही त्यावर सही केलेली. नवऱ्यानं जिनिंगच्या मुनीमजींकडे उचल मागितली. मुनीमजी म्हणाले, दुपारी बघू. दुपारी म्हणाले, संध्याकाळी. संध्याकाळी 1,500 रुपये मिळाले.

6 तास उरले
सायंकाळी 6

भरणा खिडकी बंद झालेली. नवरा 1,500 रुपये घेऊन घरी आला, ते फोटोपाशी ठेवले. फोटोमागे नोटीस, फोटोपुढे पैसे. पूर्ण रक्कम नाही तर कुणी घेणार नाही, असं दोघांनाही वाटत होतं. कुणी त्यांना तसं सांगितलं नव्हतं. त्यांनी विचारलंही नव्हतं.

0
शुक्रवार-शनिवारची मध्यरात्र

पंखा फिरत होता.

मुदत संपून साडेअकरा तास
शनिवार, 13 मार्च, सकाळी 11.30

मार्च एंडिंग. दुसरा शनिवार असला तरी वसुली चालू होती. लाईनमन आला तो दुसऱ्या एका जोडीदाराला घेऊन. त्या दिवसांत वसुलीला गेलेल्या कर्मचाऱ्यांना मारहाण झाल्याच्या बातम्या येत होत्या, म्हणून एकट्यानं जात नसत. शिडी खांबाला लावली.

“भाऊ, थांबा जी. दीड हजार आहे. हे घ्या.”

“माया हातात घेता येत नाही बाई. पावती नाही माह्याजवळ. हापीसात भरा, आन् सायबाले अर्ज द्या. हप्ते पाडून देतेत ना.”

अर्ज हा शब्द या घरात पहिल्यांदा आला तो असा. शिडीवरून.

“हे पयले काऊन नाही सांगतलं?”

लाईनमन चढता चढता थांबला. खरंच थांबला. मग म्हणाला, “तुमी इचारलं नाही जी.”

मी त्याला दोष देत नाही. त्याला कागद वाटायला सांगितलं होतं, कागद समजावून सांगायला नाही. नोटिशीवर रक्कम ठळक असते, शेवटची तारीख ठळक असते. ‘पैसे नसतील तर अमुक खिडकीवर या’ ही ओळ ठळक अक्षरांत छापायला जादा शाई लागणार नाही. 1912 हा टोल फ्री क्रमांक दिवसरात्र चालू असतो, तो बहुतेकांना दिवे गेल्यावर तक्रार करायचा म्हणूनच माहीत असतो. पुढच्याच वर्षी, 2022 मध्ये, ‘आज रात्री साडेनऊला तुमची वीज कापली जाईल, या नंबरवर फोन करा’ असे खोटे मेसेज देशभर फिरले आणि लोकांची बँक खाती रिकामी झाली. त्या चोरांना एवढं नेमकं ठाऊक होतं की वीज तुटण्याच्या भीतीतला माणूस, मदत कुठं मिळते ते माहीत नसल्यामुळे, जो पहिला नंबर समोर येईल तो लावतो.

तार निघाली. आत फ्रीज नव्हता, त्यामुळे काही थांबल्याचा आवाज झाला नाही. पंख्याची पाती हळूहळू वेगळी दिसायला लागली.

आता नवं घड्याळ सुरू झालं. वीज तुटली ती आज ‘तात्पुरती’ तुटली आहे. थकबाकी आणि पुनर्जोडणी शुल्क भरलं की तीच तार परत जोडतात. सहा महिने तसंच राहिलं तर मीटर काढून नेतात, ग्राहक कायमचा बंद होतो. लोक म्हणतात, ‘पीडी झालं’. पीडी झालेल्यांसाठी पुढे अभय योजना निघाल्या. 2022 ची विलासराव देशमुख अभय योजना, मग 2024 ची. मूळ रक्कम भरा, व्याज आणि विलंब आकार माफ, लघुदाब ग्राहकानं एकरकमी भरलं तर आणखी 10 टक्के सूट. चांगल्या योजना. पण त्या अंधारात राहून बसलेल्यांसाठी असतात. उजेडात असताना धडपडणाऱ्याला, महिन्याला पाचशे-सातशे भरू शकणाऱ्याला, अशी मोठ्या नावाची योजना मिळत नाही. आणि दर मार्चला तेच. 2022 च्या मार्चमध्ये शेतीपंपांची वीज तोडण्यावरून राज्य पेटलं, एका तरुण शेतकऱ्यानं जीव दिला, तेव्हा 15 मार्चला ऊर्जामंत्र्यांनी सभागृहात तीन महिन्यांची स्थगिती जाहीर केली. परत स्थगितीच.

19 तास
शनिवार, सायंकाळी 7

माघ अमावस्या. पुनवेच्या सुमाराला आलेला कागद अवसेला खरा झाला.

दिवसभर मशीन बंद. पाय मारून चालवायचा पट्टा मोटर लावल्यावर काढून टाकला होता, तो सापडला नाही. घरात घासलेटची चिमणी होती, फळीवर, पण ज्या घरात गॅस आला त्या घरचं रेशनचं घासलेट कधीचंच बंद झालेलं. दिवाळीतल्या पणत्या काढल्या, गोडं तेल घातलं. सासूबाई म्हणाल्या, “पयले त असंच होतं.” मग त्याच म्हणाल्या, “पयले चांगलं नव्हतं.”

मोबाईल 11 टक्क्यांवर होता.

21 तास
रात्री 9

शेजारचा पोरगा आला. हळू आवाजात बोलला. “भाऊ, आकडा टाकून देतो. रात्री टाकाचा, सकाळी काढाचा. कोणी पाहत नाही.”

सगळ्या पंधरवड्यात मला या क्षणाची भीती होती. इथपर्यंत हा माणूस देणेकरी होता. देणं असणं हा गुन्हा नाही. आकडा टाकला की कलम 135, वीजचोरी, तीन वर्षांपर्यंत कैद किंवा दंड किंवा दोन्ही. आणि पोलीस यायच्या आधी ती उघडी तार असते, अंधारात, टिनाच्या घराला टेकलेली. दर पावसाळ्यात गावोगाव अशा तारा जीव घेतात. 6,480 रुपयांवरून माणूस तिथवर पोचतो, आणि सरळ रस्त्यानं पोचतो, कुठंही वाकडं पाऊल न टाकता.

नवऱ्यानं बांबू हातात घेतला होता. पोरानं तारेचं टोक सोलून ठेवलं होतं. खांबावर वर काही दिसत नव्हतं.

“ठेवा तो बांबू,” सून आतून म्हणाली. ती फोटोमागून नोटीस काढत होती. “लाईनमन काय म्हणाला तुमी आयकलं ना?”

“अर्जानं का लाईट लागते का?”

“आकड्यानं लागते. मंग पोलीस लागते.”

पोरगा तारेची गुंडाळी करून निघून गेला. नवरा बांबू भिंतीला टेकवून तिथंच उभा राहिला, बराच वेळ.

आत पणतीपाशी मुलगी वही उघडून बसली. दहावीच्या मराठीत पत्रलेखनाला गुण असतात, तिला मायना पाठ होता. ‘प्रति, माननीय उपकार्यकारी अभियंता साहेब, देवळी.’ डाव्या बाजूला तारीख घातली. ‘विषय : वीजबिलाचे हप्ते पाडून मिळणेबाबत.’ मोबाईलच्या उजेडात तिनं नोटिशीवरचा 12 आकडी क्रमांक एकेक आकडा बोटानं धरून उतरवला, परत एकदा तपासला. मोबाईल 4 टक्क्यांवर आला तेव्हा तिनं तो बंद केला आणि पणती जवळ ओढली.

‘सोमवारी आम्ही 1,500 रुपये भरण्यास तयार आहोत. उरलेली रक्कम दरमहा’ इथपर्यंत लिहून ती थांबली.

“आई, दर महिन्याचे किती लिहू?”

आईनं दोन्ही हातांची बोटं मोजायला घेतली. फॉल किती, पिको किती, जिनिंग बंद झाल्यावर शेतातली मजुरी किती दिवस. सासूबाई अंधारातून म्हणाल्या, “जमन तेवढंच लिह्य वं. खोटं नको लिहू.”